मानेतल्या गाठीची बायोप्सी झाली, तरी निदान लागलं नाही; आता पुढे काय?

तुम्ही लिहिलेलं आधी थोडक्यात मांडतो, म्हणजे माझी समजूत चुकत असेल तर लक्षात येईल. बहिणीचं वय २६. मानेच्या उजव्या बाजूला अडीच-तीन महिन्यांपासून गाठ आहे, संध्याकाळी कणकण येते, वजन थोडं उतरलंय. आधी सुईची तपासणी झाली, तिच्यात ‘रिअ‍ॅक्टिव्ह’ (म्हणजे संसर्गासारख्या कारणाने आलेली साधी सूज) आलं. मग सोनोग्राफीत बघून जाड सुईने बायोप्सी झाली आणि त्या रिपोर्टवर ‘अ‍ॅटिपिकल लिम्फॉइड प्रोलिफरेशन, इनकन्क्लुसिव्ह, संपूर्ण गाठ काढून तपासावी, आयएचसी करावी’ असं आलंय; म्हणजे पेशी नेहमीपेक्षा वेगळ्या दिसतात, पण निदान ठरत नाही. (आयएचसी ही पेशींची जात ओळखायची चाचणी, तिच्याबद्दल पुढे सांगतो.) एक डॉक्टर म्हणतात गाठ काढा. दुसरे म्हणतात टीबीच्या गोळ्या सुरू करू, फरक पडतो का बघू. घरात स्थळं बघणं चालू आहे, बहिणीला ‘साधं इन्फेक्शन आहे’ एवढंच सांगितलंय, आणि तुम्हाला रात्री झोप नाही. तुमचा प्रश्न आहे: कॅन्सर आहे की नाही?

मी पॅथॉलॉजिस्ट आहे. असे तुकडे रोज बघतो आणि असे रिपोर्ट लिहितोही. स्लाइड न बघता तुमच्या प्रश्नाचं उत्तर मला देता येणार नाही, आणि कोणी देत असेल तर त्यावर विसंबू नका. पण मला वाटतं, आज तुमच्यासमोर खरा प्रश्न वेगळा आहे: पहिल्या तुकड्यातून उत्तर का मिळालं नाही, आणि पुढच्या नमुन्यातून ते नक्की मिळावं म्हणून काय करायचं. याचं उत्तर देता येतं.

असा रिपोर्ट हातात पडला की बहुतेक घरांत त्याचे दोनच अर्थ लावले जातात. एक तर ‘कॅन्सर आहे, पण सांगत नाहीत’. नाही तर ‘म्हणजे पन्नास टक्के कॅन्सर’. दोन्ही बरोबर नाहीत. आम्हाला कॅन्सर दिसला की आम्ही तसं स्पष्ट लिहितो. ते लपवणं आमच्या कामात बसत नाही, कारण त्या कागदावरच पुढचे उपचार ठरतात. निदान लागलं नाही असं आम्ही लिहितो तेव्हा ते या तुकड्याबद्दल बोलतो, बहिणीच्या नशिबाबद्दल नाही. या तुकड्यावरून ठामपणे बोलता येत नाही, एवढाच त्याचा अर्थ.

ठामपणे बोलता न येण्याची कारणं मात्र वेगवेगळी असतात आणि प्रत्येकाचा पुढचा मार्ग वेगळा. म्हणून आधी कारण विचारून घ्या.

कधी तुकडाच कामाचा नसतो. सुई गाठीच्या मेलेल्या भागात गेली, किंवा बाजूची चरबी, स्नायू, लाळग्रंथी एवढंच आलं. अशा वेळी तपासणी झालीच नाही असं समजायचं आणि पुन्हा करायची. कधी तुकडा बरोबर जागचा असतो, पण चेंगरलेला असतो. लिम्फ नोड म्हणजे संसर्गाशी लढणाऱ्या पेशींची छोटी ग्रंथी; ती सुजली की अशी गाठ हाताला लागते. तिच्यातल्या पेशी फार नाजूक असतात. सुईत किंवा चिमट्यात दाबल्या गेल्या की काचेवर नुसते निळे-जांभळे ओघळ दिसतात. ते ओघळ टीबीतलेही असू शकतात आणि लिम्फोमातलेही (लिम्फोमा म्हणजे या पेशींचा कॅन्सर). तिथे कितीही अनुभव असला तरी उपयोग नाही.

तिसरं कारण तुमच्या बहिणीच्या बाबतीत जास्त संभवतं, म्हणून त्याबद्दल सविस्तर लिहितो. जाड सुईने निघणारी पट्टी सेंटिमीटर-दीड सेंटिमीटर लांब आणि जेमतेम एक मिलिमीटर जाडीची असते. स्तनाच्या किंवा प्रोस्टेटच्या कॅन्सरला ती बहुधा पुरते, कारण तिथे तेवढ्याशा भागातही पेशी पुरेसं बोलतात. लिम्फ नोडचं तसं नाही. तिथे नुसत्या पेशी बघून भागत नाही, त्यांची मांडणी बघावी लागते: बाहेरचं आवरण शाबूत आहे का, आतली गोल-गोल केंद्रं जागच्या जागी आहेत का, की सगळं एकमेकांत मिसळून गेलंय. भिंतीचा एक पोपडा हातात घेऊन अख्ख्या वाड्याचा नकाशा काढायला सांगावं, तशी आमची अवस्था त्या पट्टीवर होते. सुईच्या पहिल्या तपासणीत तर पट्टीही नसते, सुट्या पेशी असतात. म्हणून त्यात ‘रिअ‍ॅक्टिव्ह’ आलं यावर निश्चिंत होऊ नका आणि नंतरच्या रिपोर्टशी ते जुळत नाही म्हणून गोंधळूही नका.

त्यातही हॉजकिन लिम्फोमा फसवा. त्यातल्या कॅन्सरच्या पेशी, ज्यांना रीड-स्टर्नबर्ग पेशी म्हणतात, फार विरळ असतात. शंभर पेशींत एखादी, कधी तेवढीही नाही. बाकी सगळी गर्दी साध्या, निरोगी पेशींची. शिवाय त्या गाठीत कधीकधी ग्रॅन्युलोमा, म्हणजे पेशींचे छोटे पुंजके, दिसतात, आणि ग्रॅन्युलोमा म्हटलं की आपल्याकडे पहिला विचार टीबीचा येतो. मी असे नमुने पाहिले आहेत, ज्यांत वरच्या कापांत फक्त ग्रॅन्युलोमा होते आणि त्याच ब्लॉकमध्ये (तुकडा ज्या मेणात बसवतात त्यात) खोलवर कापत गेल्यावर एका कोपऱ्यात दोन केंद्रकांची, ठसठशीत गुलाबी ठिपके असलेली ती पेशी सापडली. पट्टी जेवढी लहान, तेवढी ती निसटण्याची शक्यता मोठी.

मात्र ‘अ‍ॅटिपिकल’ लिहिलंय म्हणजे लिम्फोमाच, असंही नाही. तरुण मुलींच्या मानेत गाठ आणि ताप असं चित्र किकुची नावाच्या आजारातही दिसतं. १९७२ मध्ये जपानमध्ये त्याचं वर्णन झालं. सूक्ष्मदर्शकाखाली तो लिम्फोमासारखा भासतो आणि बहुधा काही आठवड्यांत-महिन्यांत आपोआप बरा होतो. काही विषाणूंचे संसर्ग, टॉक्सोप्लाझ्मा हा परजीवी, ल्युपस (प्रतिकारशक्ती स्वतःच्याच शरीरावर उलटणारा आजार) यांतही नोड असा खवळतो. आणखी एक गोष्ट आवर्जून विचारतो: बहिणीला फिट्सची काही गोळी चालू आहे का? फेनिटॉइनसारख्या औषधाने नोड सुजतात आणि हुबेहूब लिम्फोमासारखे दिसू शकतात. ही माहिती आमच्यापर्यंत बरेचदा पोचतच नाही.

चौथं कारण म्हणजे आजारच सीमारेषेवरचा असणं. तुमच्या प्रश्नाशी त्याचा संबंध कमी, पण वाचणाऱ्या इतरांसाठी सांगतो. थायरॉइडच्या गाठीच्या सुईतपासणीत बेथेस्डा पद्धतीने सहा गट पाडतात. त्यातला तिसरा गट म्हणजे अधिकृतपणे ‘सांगता येत नाही’. २०२३ च्या आवृत्तीत त्या गटातला कॅन्सरचा धोका सरासरी २२ टक्के धरला आहे. म्हणजे पाचातल्या चार गाठी कॅन्सर नसतात. तिथे पुन्हा सुई, जनुकीय चाचणी, थांबून सोनोग्राफी करत राहणं किंवा शस्त्रक्रिया असे सगळेच मार्ग खुले असतात. ‘सांगता येत नाही’ हेही तिथे एक मोजूनमापून दिलेलं उत्तर आहे.

आणि पाचवं कारण अगदी साधं: तपासणी अजून अर्धीच झाली आहे. तुमच्या रिपोर्टवर आयएचसीचा सल्ला आहे. आयएचसी म्हणजे त्याच तुकड्याच्या पातळ कापांवर वेगवेगळ्या अँटीबॉडी लावून पेशी कोणत्या जातीच्या आहेत ते ओळखणं. लिम्फोमाच्या शंकेत सीडी ३, सीडी २०, सीडी ३०, सीडी १५, पॅक्स ५ अशी नावं तुम्हाला दिसतील. प्रत्येक अँटीबॉडीचा खर्च वेगळा लागतो, म्हणून लॅब बहुधा विचारल्याशिवाय करत नाही. मेणाच्या ब्लॉकमध्ये पुरेसा तुकडा उरला असेल तर गाठ काढायच्या आधी त्यावरच आयएचसी करून बघण्यासारखं असतं. कधीकधी तेवढ्यावर उत्तर मिळतं. पण पट्टी बारीक असते आणि प्रत्येक कापाबरोबर ती संपत जाते. म्हणून शिल्लक किती आहे, हे लॅबलाच विचारावं लागतं.

आता गोळ्यांचा मुद्दा. दुसऱ्या डॉक्टरांचं म्हणणं हवेतलं नाही. आपल्या देशात मानेतल्या गाठींत टीबीचं प्रमाण मोठं आहे आणि तरुण वय, संध्याकाळचा ताप, उतरणारं वजन हे टीबीला शोभणारंच आहे. (लिम्फोमालाही शोभणारं आहे, अडचण तीच.) रिपोर्टमध्ये चीजसारखा मेलेला भाग असलेले ग्रॅन्युलोमा असते, किंवा सीबीनॅट चाचणीत टीबीचे जंतू सापडले असते, तर मीही म्हटलं असतं की आजच सुरू करा. पण तुम्ही दिलेल्या रिपोर्टमध्ये ग्रॅन्युलोमाचा उल्लेख नाही. उलट ‘अ‍ॅटिपिकल’ असं लिहिलंय. अशा वेळी ‘देऊन बघू’ याला माझा विरोध आहे, आणि त्याची कारणं अशी.

गोळ्यांनी फरक पडतोय की नाही, हे गाठ बघून कळत नाही. टीबीचीच गाठ खरा उपचार चालू असतानाही काही रुग्णांत आधी वाढते, नवीन गाठीसुद्धा येतात. उलट काही लिम्फोमांच्या गाठी औषधाविना मधूनच लहान होतात आणि पुन्हा वाढतात. म्हणजे गाठ कमी झाली तरी टीबी सिद्ध होत नाही, वाढली तरी नाकारता येत नाही. या अनिश्चिततेत दोन-तीन महिने सहज जातात. शिवाय या गोळ्या लिव्हरवर ताण देतात, आणि टीबी असलाच तर तो रिफाम्पिसिनला दाद देणारा आहे की नाही हे जंतू न तपासता कळत नाही. टीबीचा उपचार करायचा तर तो टीबी म्हणून ओळखून करावा. भारतात फुप्फुसाबाहेरच्या टीबीसाठी २०१६ मध्ये जी मार्गदर्शक तत्त्वं आली, त्यांतही गाठीतून नमुना घेऊन सीबीनॅट आणि कल्चर (जंतू वाढवून बघणं) करण्यावर भर आहे. सरकारी केंद्रांत ही चाचणी मोफत होते.

परिस्थितीनुसार हे मत बदलू शकतं. रुग्ण फार थकलेला असेल, भूल देणं धोक्याचं असेल, गाठ रक्तवाहिन्यांच्या मध्ये खोलवर असेल, तर तज्ज्ञ विचारपूर्वक औषधाचा मार्ग निवडतात. २६ वर्षांची, चालतीफिरती मुलगी आणि हाताला लागणारी मानेतली गाठ, इथे मला तसं काही दिसत नाही.

गोळ्यांपेक्षाही एका औषधापासून जास्त सावध राहा: स्टिरॉइड. ताप आणि सूज कमी करायला कोणी प्रेडनिसोलोन किंवा डेक्सामेथासोन दिलं, तर चारच दिवसांत बहिणीला बरं वाटेल, गाठ जिरेल आणि सगळे सुटकेचा श्वास टाकतील. लिम्फोमाच्या पेशी स्टिरॉइडने झपाट्याने मरतात, पण आजार जात नाही. त्यानंतर काढलेल्या गाठीत आम्हाला मेलेल्या पेशींखेरीज काही दिसत नाही आणि पुन्हा तोच रिपोर्ट लिहावा लागतो. निदान होईपर्यंत कोणत्याही दवाखान्यात गेलात तर ‘बायोप्सी व्हायची आहे, स्टिरॉइड नको’ असं स्वतःहून सांगा. जीव धोक्यात असेल तर डॉक्टर ते देतीलच आणि द्यायलाच हवं. ती गोष्ट वेगळी.

आता गाठ काढायची ठरली, तर शस्त्रक्रियेच्या आदल्या दिवशी सर्जनशी एक संभाषण करा. उत्तर मिळणार की नाही ते बरंचसं त्या दिवशी ठरतं. तपासायला मिळणारा नोड अख्खा, आवरणासकट हवा. सर्वांत सोपी हाती लागणारी गाठ निवडू नये, सोनोग्राफीत सर्वांत बिघडलेली दिसते ती निवडावी. मानेच्या मागच्या भागात खांदा उचलणारी नस त्वचेच्या अगदी जवळून जाते, म्हणून ‘छोटंसं ऑपरेशन आहे’ म्हणून कुठेही करू नका. मानेच्या शस्त्रक्रियांचा सराव असलेल्या सर्जनकडे करा.

आणि नमुना दोन डब्यांत जायला हवा. हे मी कळकळीने सांगतोय, कारण इथेच सगळ्यांत जास्त नुकसान होतं. गाठ निघाली की अख्खी फॉर्मेलिनमध्ये टाकायची सवय असते. फॉर्मेलिनमध्ये जंतू मरतात. मग कल्चर करता येत नाही. एक भाग साध्या सलाइनमध्ये, ताजा, ताबडतोब सीबीनॅट आणि कल्चरसाठी जायला हवा. फॉर्मेलिनचा डबा रुंद तोंडाचा हवा आणि द्रव गाठीच्या दसपट. फॉर्मेलिन तासाला साधारण एक मिलिमीटर या गतीने आत मुरतं. तीन सेंटिमीटरची गाठ न चिरता बारक्या बाटलीत कोंबली, ती एसटीने दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये पोचली, की बाहेरून टणक आणि मधोमध कुजलेली निघते. म्हणून पॅथॉलॉजिस्टला आधी कळवून ठेवावं, ती चिरून द्यायची की ताजीच पाठवायची हे तो सांगेल.

सोबतच्या फॉर्मवर पुष्कळदा फक्त ‘मानेतली गाठ’ एवढंच असतं. तो फॉर्म तुम्ही नीट भरून घ्या: वय, ताप कधीपासून, वजन किती उतरलं, दुसरीकडे गाठी आहेत का, कोणती औषधं चालू आहेत, आधीचे दोन्ही रिपोर्ट. शक्य असेल तर जुन्या स्लाइड्सही द्या. माझ्या टेबलावर असा भरलेला फॉर्म आला की कोणते काप, कोणत्या अँटीबॉडी हे मी पहिल्याच दिवशी ठरवू शकतो.

दुसरं मत घ्यायचं असेल तर रिपोर्टचा फोटो फिरवून ते मिळत नाही. लॅबला लेखी अर्ज देऊन स्लाइड्स आणि मेणाचा ब्लॉक मागा. तो रुग्णाला मिळतो, त्यात संकोच करू नका. चांगल्या पॅथॉलॉजिस्टला त्याचा राग येत नाही. मुंबईत परळच्या टाटा मेमोरियलमध्ये बाहेरचे ब्लॉक आणि स्लाइड्स पुन्हा तपासून मत देतात. लिम्फोमा रोज बघणाऱ्या हिमॅटोपॅथॉलॉजिस्टचं मत मिळालं तर उत्तमच. ब्लॉक मेणाचा असतो, तो उन्हात गाडीत ठेवू नका.

नेहमीचा रिपोर्ट साधारण चार-पाच दिवसांत येतो. आयएचसीला आणखी आठवडाभर धरा. टीबीचं कल्चर नकारार्थी म्हणायला सहा आठवडे थांबावं लागतं. सीबीनॅट त्याच दिवशी कळतं, पण नोडमध्ये जंतू कमी असतात, त्यामुळे ते निगेटिव्ह आलं तरी टीबी नाही असं म्हणता येत नाही. हे वेळापत्रक आधी माहीत असलं की ‘रिपोर्ट का लांबला, काहीतरी वाईट असणार’ हा विचार थोडा कमी होतो. लांबलेला रिपोर्ट बहुतेक वेळा आणखी काप, आणखी अँटीबॉडी यांमुळे लांबतो.

पंधरा-वीस दिवसांनी अशा गाठीचं भवितव्य सहसा बदलत नाही, तेव्हा नीट तयारी करून शस्त्रक्रिया करायला वेळ आहे. पण आडवं झाल्यावर दम लागणं, चेहरा किंवा मान सुजणं, गिळता न येणं, पायांत एकदम अशक्तपणा, गाठ दिवसागणिक वाढणं, यांतलं काही झालं तर तारखेची वाट बघू नका, मोठ्या रुग्णालयात जा.

राहिला घरचा भाग. बहिणीला तुम्ही ‘साधं इन्फेक्शन’ सांगितलंय. प्रेमापोटी सांगितलंय, हे कळतं. पण तिची दोनदा सुई झाली आहे, आता मानेवर टाका पडणार आहे, आणि तिच्या हातात मोबाइल आहे. तिला अंदाज आलेला असतो; ती फक्त तुमच्यासाठी गप्प राहते. मग एकाच घरात दोघं जण एकमेकांपासून लपवत रात्र जागून काढतात. तिला सांगा. आज जेवढं माहीत आहे तेवढंच सांगा: ‘तुकड्यावरून कळलं नाही. टीबी असू शकतो, नुसती सूज असू शकते, लिम्फोमा असू शकतो. गाठ काढली की कळेल.’ यात खोटं काही नाही आणि घाबरवणारंही काही वाढवलेलं नाही. पुढच्या भेटीला डॉक्टरांसमोर तिलाच बसू द्या, प्रश्न तिला विचारू द्या. आईला कधी आणि किती सांगायचं, हेही तीच ठरवेल. स्थळांचं विचारलंत म्हणून सांगतो: तो विषय महिनाभर बाजूला ठेवा, कोणालाही कारण द्यायची गरज नाही. तिच्या तब्येतीची बातमी तिची आहे.

नातेवाइकांच्या फोनसाठी घरातला एकच माणूस ठरवा. रात्री दहानंतर रिपोर्टमधले शब्द शोधायचे नाहीत, असं तुम्ही स्वतःला बजावा. त्या वेळी जे सापडतं ते सगळ्यांत वाईटच सापडतं. त्यापेक्षा मनात आलेला प्रश्न वहीत लिहा आणि डॉक्टरांना विचारा. त्याच वहीत रोजचा ताप आणि आठवड्याचं वजन लिहा. ते आम्हालाही उपयोगी पडतं. आणि लिम्फोमाच निघाला तर काय, हा विचार डोक्यातून जातच नसेल तर एवढं ध्यानात ठेवा की तरुण वयातला हॉजकिन लिम्फोमा हा सर्वांत चांगला बरा होणाऱ्या कॅन्सरपैकी एक आहे, आणि टीबी निघाला तर तोही नीट उपचार घेतला की बहुधा पूर्ण बरा होतो.

अख्खी गाठ काढूनही उत्तर न मिळण्याची वेळ क्वचित येते. तेव्हा ब्लॉक दुसऱ्या तज्ज्ञाकडे पाठवायचा, पेट स्कॅन करून दुसरी जागा शोधायची, किंवा ठरावीक दिवसांनी तपासत राहायचं, हे त्या वेळी ठरवता येईल. आज त्याचा विचार नको.

उद्या सकाळी लॅबला फोन करा आणि ज्यांची रिपोर्टवर सही आहे त्यांच्याशीच बोलायला मागा. दोनच गोष्टी विचारा: निदान कशामुळे लागलं नाही, तुकडा लहान म्हणून, चेंगरला म्हणून, की पेशीच संशयास्पद आहेत म्हणून? आणि आयएचसी करायला ब्लॉकमध्ये पुरेसा तुकडा शिल्लक आहे का? ते काय म्हणाले ते मला कळवा.